मधली वर्षं

थोरल्या सुनेचा भाऊ भोजराज येतो आहे असा निरोप गोरेगावच्या बाजारात मिळाला, आणि त्याच संध्याकाळी देवकाबाईंनी मुलाला आणि त्याच्या धाकट्या बायकोला चुलीपाशी बसवून काय बोलायचं ते ठरवून टाकलं. थोरली सून शामकला मागच्या खोलीत पडली होती. बोलणं तिच्याबद्दलच होतं, म्हणून आवाज खाली होता.

“शामकलानंच धुरपताले पाहून आणली. भाऊ इचारन तं हेच सांगजा, दोघंही.”

शालीकरामनं मान हलवली. धुरपता सुपातले तांदूळ निवडत होती, ती निवडतच राहिली. तिच्या गप्प राहण्याला देवकाबाईंनी होकार धरलं आणि त्या उठल्या.

ते साल एकोणीसशे पस्तीसचं. श्रावणात, भाताच्या लावणीचा रोवणा आटोपत आला असताना, शामकलाला ताप भरला. धानाच्या आणि तळ्यांच्या त्या मुलखात थंडीताप कोणाला नवा नव्हता. कोयनेलच्या, क्विनीनच्या, गोळ्या घ्यायच्या, दोन गोधड्या पांघरून पडायचं आणि उठून पुन्हा बांधीत, धानाच्या वाफ्यात, उतरायचं. पण या वेळचा ताप डोक्यात चढला. आठवडाभर ती कोणाला ओळखत नव्हती. शालीकरामनं गोंदियाहून डॉक्टर आणला, सुया टोचल्या, आणि एका सकाळी शामकलानं डोळे उघडून पाणी मागितलं. पाणी पिऊन तिनं विचारलं, लग्नाचे पाहुणे गेले का?

कोणाचं लग्न, ते आधी कोणालाच कळेना. मग शालीकरामच्या लक्षात आलं. ती भोजराजच्या, तिच्या धाकट्या भावाच्या लग्नाबद्दल बोलत होती. त्या लग्नाला चार वर्षं होऊन गेली होती.

डॉक्टर पुन्हा आला तेव्हा त्यानं तिला पुष्कळ प्रश्न विचारले. बालपण तिला आठवत होतं, आपलं लग्न आठवत होतं, सासरे कोणत्या आजारानं गेले तेही आठवत होतं. भावाच्या लग्नात कोण रुसलं होतं हेसुद्धा तिनं सांगितलं. त्याच्या पुढे काही नव्हतं. बाहेर येऊन डॉक्टर शालीकरामला म्हणाला, “पुरानी बातें पक्की होती हैं. नई बातें कच्ची रहती हैं. बुखार कच्ची को ले गया.” परत येईल का, असं शालीकरामनं विचारलं. काही येईल, काही येणार नाही, जबरदस्ती करू नका, असं सांगून तो गेला. शालीकराम शेतकरी माणूस. मूळ धरलेलं धान पुरात टिकतं आणि कालचं रोवलेलं वाहून जातं, हे त्याला समजण्यासारखं होतं. पण त्या वाहून गेलेल्या चार वर्षांत काय काय होतं ते त्याला एकेक करून आठवू लागलं.

त्या वर्षांत धुरपता होती. धुरपताची मुलगी रुख्मा होती. आणि अगदी सुरुवातीला, शामकला भावाच्या लग्नाहून परत आली ती दुपार होती. दहा वर्षं मूल नाही म्हणून देवकाबाईंनी मनाशी ठरवलं, मुलाला पटवलं, आणि शामकला माहेरी गेलेली असताना लांबच्या नात्यातली एक पोर त्याच्या गळ्यात बांधून घरात आणली. शामकलाला कोणी विचारलं नव्हतं, कळवलंही नव्हतं. ती गाठोडं घेऊन अंगणात आली तर दारात हळदीच्या अंगाची मुलगी उभी.

*

देवकाबाई खोटं बोलत होत्या असं म्हणता येणार नाही. त्यांना ते तसंच आठवत होतं.

पहिल्यांदा त्या ते बोलल्या तळ्याच्या घाटावर. शेजारची जमुनाबाई लुगडं धुता धुता म्हणाली होती की थोरलीच्या माघारी धाकटी आणलीत, बरं नाही केलंत. लाजेनं देवकाबाईंच्या तोंडून निघून गेलं, “माघारी कायची? तिनंच पसंत केली.” पुढे हे नातेवाइकांत सांगावं लागलं, मग एका बारशाला, मग कोणी विचारलं नाही तरी. दर वेळी त्यात थोडी भर पडत गेली. शामकला कोणतं लुगडं नेसली होती ते आलं. ‘आत्याबाई, माझ्यासाठी नाई तं घरासाठी तरी आणा’ असं ती म्हणाली, ते आलं. आता चार वर्षांनी देवकाबाईंना ते शब्द शामकलाच्याच आवाजात ऐकू येत. त्या दुपारचं अंगण मात्र त्यांच्या डोळ्यांपुढे कधी येत नसे. ते कोणाला सांगायची वेळच आली नव्हती, आणि न सांगितलेलं हळूहळू पुसलं गेलं होतं.

म्हणून शामकला शुद्धीवर आल्यावर, ही पेज भरवणारी मुलगी कोण, असं तिनं विचारलं तेव्हा देवकाबाईंनी तिच्या केसांवरून हात फिरवत मनापासून सांगितलं, ही धुरपता, शालीकची दुसरी, तूच आणलीस. शामकलानं नवऱ्याला विचारलं, मी आणली? शालीकराम दारात उभा होता. तो ‘हं’ म्हणाला आणि बैल सोडायचे आहेत म्हणून निघून गेला.

त्याला सगळं आठवत होतं. पण आठवणं त्याला जड जात होतं, आणि आईची गोष्ट सोयीची होती. गेल्या काही दिवसांत तर त्याला वाटायला लागलं होतं की तापानं एक प्रकारे भलंच केलं. शामकलाच्या मनात जो एक जुना ओरखडा होता तो गेला. आता ती त्याच्याकडे पूर्वीसारखी बघेल.

*

शामकला बघत होती ती वेगळंच. अंगात थोडी ताकद आल्यावर ती भिंतीला धरून घरभर फिरली. गोठ्याच्या छपरावर नवी कवेलं होती. सांदवाडीतली, घरामागची, चिंच तोडलेली होती. तांदळाची कोठी दुसऱ्या कोपऱ्यात गेली होती. आपल्याच घरात ती पाहुणीसारखी वावरत होती. आणि त्या लहान पोरीचं काय करावं ते तिला कळत नव्हतं.

रुख्मा शामकलाला माय म्हणे. धुरपताला मात्र ती मोठ्यांचं ऐकून नावानंच हाक मारी. आजारात तिला मायजवळ जाऊ दिलं नव्हतं, त्यामुळे खोलीचं दार उघडं दिसलं तशी ती धावत आली, खाटेवर चढली आणि शामकलाच्या काखेत डोकं घालून झोपली. शामकला हात वर धरून बसली, अंगावर कोणी पाहुण्याचं लेकरू टाकून जावं तशी. थोड्या वेळानं तिचं लक्ष गेलं तर तिचाच हात पोरीच्या पाठीवर थोपटत होता, दोन हलके आणि एक जरा जोरात, असा. ही थोपटण्याची रीत तिला कोणी शिकवली होती? मूल तर तिनं कधी वाढवलं नव्हतं. हाताला माहीत होतं आणि तिला माहीत नव्हतं. ती हात थांबवून बघू लागली, तर पोर झोपेतच कुरकुरली.

त्यापेक्षा मोठं कोडं तिच्यापुढे होतं. सासूनं सांगितलेली बाई तिला आपल्या आत सापडत नव्हती. नवऱ्यासाठी आपल्या हातानं सवत आणणारी, घरासाठी म्हणून हसत बाजूला होणारी. अशा बाया असतात, तिनं पाहिल्या होत्या. पण आपण त्यातल्या असू? भावाच्या लग्नापर्यंतची शामकला तिला नीट माहीत होती, आणि ती शामकला तशी नव्हती. चार वर्षांत माणूस इतकं बदलतं का? बदललो असू तर कशानं? दिवस दिवस ती त्या अनोळखी बाईची वाट बघत पडून राही.

*

धुरपताचं जे गेलं होतं ते कोणाच्या लक्षातही आलं नव्हतं. बाविशीची होती ती. या घरात तिचं म्हणावं असं एकच माणूस होतं, आणि ते माणूस आता तिला ‘अगं पोरी’ म्हणून हाक मारत होतं.

शामकला आणि ती यांच्यात जे होतं ते बाहेर सांगण्यासारखं नव्हतं. काम करता करता बोललेलं, एका ताटात जेवलेलं, देवकाबाईंच्या बोलण्यावर एकमेकींकडे न बघता हसलेलं. ते दोघींनाच माहीत होतं. आता एकीला माहीत नव्हतं, म्हणजे ते अर्धं उरलं की सगळंच गेलं, हे धुरपताला उमगत नव्हतं. पेज भरवताना ती शामकलाच्या डोळ्यांत बघे. तिथे उपकाराची जाणीव असे, ओळख नसे.

सासूची गोष्ट तिला सोयीची होती हेही तिला कळत होतं. थोरलीच्या मर्जीनं आलेली धाकटी म्हणून गावात मान राहिला असता. भोजराजनं चिडून बहिणीला नेलं नसतं. रुख्माची माय घरात राहिली असती. गप्प राहायचं, एवढंच तिला करायचं होतं.

पण भोजराज यायच्या आदल्या दिवशी बांधीत निंदण काढताना तिच्या मनात एक गोष्ट आली आणि ती तिथेच चिखलात उभी राहिली. सासूच्या गोष्टीतली शामकला कधी रागावलीच नव्हती. रागावली नाही म्हणजे तिचा राग निवळलाही नाही. म्हणजे नाल्याकाठी दोघींत जे झालं ते झालंच नाही. ती गोष्ट या घरात खरी ठरली, तर धुरपताजवळ उरलेलं अर्धंही खोटं ठरणार होतं.

*

भोजराज दुपारी आला. रेल्वेनं येऊन स्टेशनापासून चालत आला होता, धोतर पोटऱ्यांपर्यंत चिखलानं भरलं होतं. बहिणीला बघून त्याचे डोळे भरले. तिनं त्याला विचारलं, नवी नवरी कशी आहे? त्याला दोन मुलं झाली होती. त्यानं ते सांगितलं आणि ती खुदकन हसली, मग तिनं त्यांची नावं विचारली.

जेवणं झाल्यावर सगळे घरापुढच्या छपरीत बसले. पाऊस नव्हता, समोरच्या बांध्यांत धान गुडघ्याच्या वर आलं होतं. देवकाबाईंनी सुपारी पुढे केली आणि आपल्या सुनेच्या मोठ्या मनाची गोष्ट सांगायला घेतली. भोजराजनं मधेच थांबवलं.

त्याचं म्हणणं सरळ होतं. बहिणीनं सवत आणली नव्हती, तिच्यावर लादली होती. हे त्या वेळीही त्याला खपलं नव्हतं. बातमी कळताच तो तिला न्यायला आला होता, याच छपरीत भांडला होता, पण तीच आली नाही. आज तो तिला घेतल्याशिवाय जाणार नव्हता.

शामकला एकदा सासूकडे, एकदा भावाकडे बघत होती. दोघेही मनापासून बोलत होते.

“तू तवा आला नव्हता, भोजराज,” शालीकराम खाली बघत म्हणाला. “दिवाळीले आला. भाऊबीज घेऊन. भांडला नाई. जेवून गेला.”

भोजराजचा चेहरा उतरला. त्याला ते भांडण चांगलं आठवत होतं, शब्दान् शब्द. पण ते या छपरीत झालं होतं की आपल्या घरी, बायकोसमोर, की नुसतं वाटेनं येताना मनात, हे आता त्याला छातीठोक सांगता येईना. शालीकरामनं त्याला खोटं पाडलं खरं, पण बहिणीवर सवत लादली हे त्यानं नाकारलं नव्हतं, म्हणजे स्वतःच्या आईलाही खोटं पाडलं होतं, हे बोलून झाल्यावर त्याला कळलं. ती दिवाळी खरी असेल, तर तिच्या आधीचंही काही खरं असणार. देवकाबाई लेकाकडे रोखून बघत होत्या.

शामकलानं मान वळवली. धुरपता दाराच्या चौकटीला टेकून बसली होती, मांडीवर रुख्मा.

“पोरी, तू सांग,” शामकला म्हणाली. “मी तुले आणली का?”

देवकाबाई म्हणाल्या की ती काय सांगणार, ती लहान होती. शामकलानं त्यांच्याकडे पाहिलं नाही. धुरपतानं रुख्माला खाली ठेवलं.

“नाई,” ती म्हणाली. “तुम्ही आली तवा मी दारात उभी होती. तुमाले कोणी सांगतलं नव्हतं. तुम्ही मले पाहून गाठोडं खाली ठेवलं अन् तिथंच बसल्या, उन्हात. संध्याकाळवरी बसून होत्या. त्याच्यानंतर वरीसभर तुम्ही माझ्यासंगं बोलल्या नाई. एक शबूद नाई. माझ्या हातचं पाणी बी पेल्या नाई.”

भोजराज म्हणाला की ऐकलंस बाई, चल, गाडी जोडायला सांगतो. शामकलानं त्याला हातानं थांबवलं. तिचा चेहरा पांढरा पडला होता, पण त्यावर कितीतरी दिवसांनी काहीतरी ओळखीचं आलं होतं. ज्या बाईची ती वाट बघत होती ती आली नव्हती. जिला ती ओळखत होती तीच परत आली होती.

“मंग?” तिनं विचारलं. “मंग मी बोलली कवा?”

ते धुरपतानं आजवर कोणालाच सांगितलं नव्हतं. ती थोडी अडखळत बोलायला लागली, आणि पुढे पुढे तिला आजूबाजूला कोण बसलं आहे याचं भान राहिलं नाही.

दुसऱ्या वर्षीच्या भादव्यात ती घर सोडून निघाली होती. कोणाला न सांगता, दोन लुगड्यांचं गाठोडं घेऊन, माहेरच्या वाटेला. गावाबाहेरच्या नाल्याला पूर आलेला. ती काठावर बसून राहिली, आणि पलीकडच्या काठावर शामकला, गोरेगावचा बाजार करून परत येत असलेली, टोपलं डोक्यावर. दोघींमध्ये गढूळ पाणी धो धो वाहत होतं. शामकलानं तिला पाहिलं, गाठोडं पाहिलं, आणि वर्षभरात पहिल्यांदा तिच्याशी बोलली. पाणी उतरेपर्यंत पाय टाकू नकोस, एवढंच. मग टोपलं खाली ठेवून तीही बसली. कुठे चाललीस, असं ओरडून विचारलं.

“मी म्हणली, मायच्या घरी. तुमाले आयकू गेलं नाई. तुम्ही म्हणल्या, जोरानं बोल. मी रडत होती, बाई. मी रडत रडत सांगून राहिली का या घरात माझ्यासंगं कोणी बोलत नाई, मी मरून गेली तरी कोणाले समजायचं नाई, अन् तुम्ही तिकून हात कानाले लावून म्हणता, काय? जोरानं बोल. तीन डाव मले माझं रडनं ओरडून सांगा लागलं. तिसऱ्या डावाले मलेच हसू आलं. अन् तुम्ही बी हसल्या.”

शालीकरामनं वर पाहिलं. ही गोष्ट त्याला कोणीच सांगितली नव्हती.

मग शामकलानं टोपल्यातला पेरू तिच्याकडे फेकला होता. पहिला पाण्यात पडला, दुसरा पोचला. पाणी ओसरेपर्यंत दोघी आपापल्या काठावर बसून पेरू खात होत्या.

“अन् मी काय म्हणली?” शामकलानं विचारलं. तिला एकही गोष्ट आठवत नव्हती. ना पाणी, ना पेरू. पण ती पुढे सरकून बसली होती.

“तुम्ही म्हणल्या, माझा राग तुझ्यावर नाई. ज्याहिच्यावर हाये त्याहिच्यावर मले काढता येत नाई, तं तू सापडली. आता सापडली तं सापडली, घरी चाल, सयपाक व्हाचा हाये.”

शामकला हसली. मोठ्यानं, पोट धरून, आजारानं बसलेल्या आवाजात. “हे मी म्हणली असन,” ती म्हणाली. “हे मीच म्हणली असन.”

पुढचं धुरपतानं थोडक्यात सांगितलं. रुख्मा झाली तेव्हा ती स्वतः दोन महिने उठू शकली नव्हती. शामकलानं बकरीच्या दुधावर पोर जगवली, रात्रंदिवस उराशी धरून. म्हणून तिची माय शामकला. कोणी ठरवून दिलेलं नव्हतं.

*

सांगून झाल्यावर धुरपता भिंतीकडे तोंड करून बसली. आपण आपल्या हातानं सगळं मोडलं असं तिला वाटत होतं. भोजराज उठून उभा राहिला होता. देवकाबाई हळू आवाजात म्हणत होत्या की हिचं काय ऐकता, हिला तेव्हा काय कळत होतं. शालीकराम बायकोजवळ येऊन बसला आणि म्हणाला की जुनं झालं ते, तूही सोडून दिलं होतंस, चार वर्षं आपण नीट संसार केला.

“तुमच्यासाठी जुनं हाये,” शामकला त्याला म्हणाली. “माझ्यासाठी आजचं हाये. आताच आयकलं मी. तवा मी तुमाले माफ केलं असन, पण ते मले आठवत नाई. ते आता माझ्या कामाचं नाई.”

तिनं हे रागानं म्हटलं नाही. पण शालीकरामला नुसतं ‘हं’ म्हणून उठून जाता आलं नाही. तो बसून राहिला.

मग ती भावाला म्हणाली की ती त्याच्याबरोबर येणार. थोडे दिवस, अंगात जोर येईपर्यंत, धान कापणीला येईपर्यंत. देवकाबाईंनी कपाळाला हात लावला. धुरपतानं रुख्माला जवळ ओढलं आणि डोळे मिटून घेतले.

“धुरपता,” शामकलानं हाक मारली. आजारानंतर पहिल्यांदाच तिनं तिला नावानं हाक मारली. “तुझे लुगडे बांध. पोरीचे बी.”

भोजराजला आधी समजलं नाही. समजल्यावर तो गोंधळला. बहिणीला त्या घरातून सोडवायला आला होता तो, आणि जिच्यामुळे सोडवायचं तिलाच घरी न्यायचं? हिला, असं त्यानं विचारलं, हिला कशाला?

“माझी चार वरसं हिच्याजवळ हायेत,” शामकला म्हणाली. “हिले सोडून मी कोठी जाऊ?”

लहानपणी तिनं भोजराजला असंच कधी कधी एका वाक्यात गप्प केलं होतं, आणि दर वेळी त्याला बरंच वाटलं होतं. दोन जणींची सोय करायला काय लागतं, असं तो पुटपुटला. मग त्यानं स्वतःच रुख्माला उचलून घेतलं.

देवकाबाईंना राहवलं नाही. दोन्ही सुना एकदम घराबाहेर, निंदण अर्धं पडलेलं, गाव काय म्हणेल? लोकांना त्यांनी काय सांगायचं?

“सांगजा, शामकलानं नेली,” शामकला म्हणाली. “हे तरी खरं राहीन.”

*

दुसऱ्या दिवशी सकाळी शालीकरामनंच गाडी जोडली आणि त्यांना स्टेशनावर पोचवलं. वाटेत तो नाला लागला. पाणी घोट्याएवढं होतं. धुरपतानं काठावरची जागा दाखवली. शामकलानं गाडी थांबवायला लावली, खाली उतरून तिथे थोडा वेळ उभी राहिली आणि परत येऊन बसली. आठवलं का, असं कोणी विचारलं नाही. “इतका चवडा तं नाई,” पाण्याच्या रुंदीकडे बघत एवढंच ती म्हणाली. धुरपता म्हणाली की तेव्हा होता. मग धुरपता बोलत राहिली आणि शामकला ऐकत राहिली, स्टेशन येईपर्यंत. चिंच का तोडली, कोठी कोणी हलवली, गाय कशी मेली. शालीकराम पुढे बसून बैल हाकत होता. त्याच्याच घरातल्या अर्ध्या गोष्टी त्याला नव्या होत्या.

रेल्वे हलताना शामकला खिडकीतून त्याला म्हणाली, “मी वापस आली का मंग तुम्ही सांगजा. तुमाले काय आठवते ते. पूरं सांगजा.”

संध्याकाळी देवकाबाईंनी भात टाकला. पुष्कळ वर्षांत त्यांनी रांधलं नव्हतं. खालचा भात करपला. मायलेक समोरासमोर जेवायला बसले. घर फार शांत होतं. चार घास झाल्यावर देवकाबाईंनी विचारलं, जरा घाबरतच, “शालीक, तिनंच आणली होती ना रे? मले तं तसंच आठवते.”

शालीकरामनं घास ताटात ठेवला.

“नाई, माय. आपण आणली. ती अंगणात बसली होती. तू आत होती, मी गोठ्यात होतो. मी गोठ्यातून पाहत होतो. मी गेलो नाई. तिनं पाणी मांगलं, तं तेही कोणी देलं नाई.”

“पाणी?” देवकाबाई म्हणाल्या. “पाणी बी नाई?”

“नाई.”

अंगणात उजेड कमी होत चालला होता. त्यांनी उघड्या दारातून तिकडे पाहिलं, बराच वेळ, कोणी बसलेलं दिसतं का ते शोधल्यासारखं. काही दिसलं नाही. ती दुपार त्यांना सापडली नाही, आणि पुढेही कधी सापडली नाही. पण आपला लेक खोटं बोलत नाही एवढं त्यांना कळत होतं.

दोन दिवसांनी तळ्याच्या घाटावर जमुनाबाईनं सुना कुठे गेल्या ते विचारलं. देवकाबाईंनी हातातलं लुगडं पिळलं, झटकलं, दगडावर पसरलं.

“थोरली माहेरी गेली. धाकटीले घेऊन गेली,” त्या म्हणाल्या. थोडं थांबून त्यांनी पुढचं सांगितलं, “धाकटी मी आणली होती, जमुना. थोरलीले इचारलं नव्हतं.”

जमुनाबाई पाण्यात वाकून आपलं लुगडं धुवत राहिली. देवकाबाईंनी बादली उचलली आणि त्या घराकडे निघाल्या. निंदण अर्धं राहिलं होतं.